विरोधी बाकांवरून अकरा वेळा : सत्तेत नसलेला आमदार नेमके काय करतो?

नोव्हेंबर २०२४ च्या विधानसभा निवडणुकीपासून महाराष्ट्रात ‘दहा टक्क्यांचा नियम’, म्हणजे विरोधी पक्षनेतेपदासाठी पक्षाकडे सभागृहातील किमान एक दशांश जागा हव्यात ही अट, हा शब्दप्रयोग वारंवार कानी पडतो. २८८ पैकी २३० जागा महायुतीच्या तीन प्रमुख पक्षांकडे गेल्या. विरोधकांत सर्वांत मोठा ठरलेला शिवसेनेचा ठाकरे गट २० वर थांबला, काँग्रेस १६ वर आणि शरद पवारांचा राष्ट्रवादी काँग्रेस पक्ष १० वर. मार्च २०२५ मध्ये ठाकरे गटाने विरोधी पक्षनेतेपदासाठी भास्कर जाधव यांचे नाव अध्यक्षांकडे दिले. ऑगस्टमध्ये विधान परिषदेतील विरोधी पक्षनेते अंबादास दानवे यांची मुदत संपली आणि त्या वर्षीचे नागपूरचे हिवाळी अधिवेशन दोन्ही सभागृहांत विरोधी पक्षनेता नसतानाच पार पडले.

या बातम्या वाचणाऱ्या सामान्य माणसाला दोन प्रश्न पडतात. हे पद नसल्याने खरोखर काय अडते, हा पहिला. दुसरा अधिक रोखठोक आहे : सत्ता नाही, मंत्रिपद नाही, बहुमत तर नाहीच नाही, मग विरोधी आमदार मुंबईला आणि नागपूरला जाऊन करतो तरी काय? नुसत्या व्याख्या देऊन या दुसऱ्या प्रश्नाचे समाधान होत नाही. म्हणून एका माणसाची कारकीर्द समोर ठेवून त्याचे उत्तर शोधू. सोलापूर जिल्ह्यातील सांगोला मतदारसंघातून अकरा वेळा निवडून आलेले आणि त्यातला बहुतेक काळ विरोधी बाकांवर बसलेले शेतकरी कामगार पक्षाचे भाई गणपतराव देशमुख हे ते उदाहरण.

एक माणूस, एक पक्ष, एक तालुका

गणपतराव पहिल्यांदा विधानसभेत गेले १९६२ मध्ये. महाराष्ट्र राज्य स्थापन झाल्यानंतरची ती पहिली विधानसभा निवडणूक होती. १९६७ ला ते पुन्हा आले, १९७२ ला पडले, १९७४ च्या पोटनिवडणुकीत परत आले आणि तिथून १९९० पर्यंतची प्रत्येक निवडणूक त्यांनी जिंकली. १९९५ मध्ये काँग्रेसच्या शहाजीबापू पाटलांनी त्यांना दोनशेहूनही कमी मतांनी हरवले. १९९९ मध्ये ते परतले ते २०१९ पर्यंत. त्या वर्षी वयोमानामुळे ते उभे राहिले नाहीत. ३० जुलै २०२१ रोजी सोलापुरात त्यांचे निधन झाले.

ज्या पक्षाचे ते पहिल्यापासून शेवटपर्यंत होते तो शेकाप १९४७ मध्ये काँग्रेसमधल्याच केशवराव जेधे, शंकरराव मोरे प्रभृतींनी उभा केला आणि पुढच्याच वर्षी तो काँग्रेसबाहेर पडला. शेतकऱ्यांचा डावा पक्ष अशी त्याची ओळख. त्याचे बळ राज्यभर सारखे कधीच पसरले नाही. रायगड, सांगोला, कंधार-लोहा असे त्याचे टापू होते. हे टापूंचे राजकारण समजले नाही, तर एवढ्याशा पक्षाचा माणूस अर्धशतक कसा टिकला हे कोडे सुटत नाही.

त्यांच्याविषयी सगळीकडे सांगितली जाणारी गोष्ट म्हणजे एसटीचा प्रवास. एसटीच्या गाडीत एका आसनावर लोकप्रतिनिधींसाठी राखीव असल्याची अक्षरे रंगवलेली असतात, आणि त्या आसनावर बाजाराची पिशवी मांडीवर घेतलेली म्हातारी बसलेली असते, कारण लोकप्रतिनिधी एसटीत येतो यावर कंडक्टरचाही विश्वास नसतो. गणपतराव हा अपवाद होता. पण साधेपणा हे त्यांच्या यशाचे पूर्ण स्पष्टीकरण नव्हे. साधे राहून पडलेले उमेदवार महाराष्ट्राने पुष्कळ पाहिले आहेत.

आधी पाया : वीणा कोणाच्या गळ्यात?

विधानसभेत ज्या पक्षाचे किंवा आघाडीचे बहुमत, त्यांचे सरकार. उरलेले सगळे विरोधात. हे उरलेले सगळे एका विचाराचे नसतात, एकमेकांविरुद्ध लढूनही ते तिथे पोहोचलेले असतात. तरीही सरकारने कोणाशी बोलायचे, वादळी विषयावर पहिले भाषण कोणी करायचे, हे ठरलेले असावे लागते. दिंडीत टाळकरी कितीही असले तरी वीणा एकाच्याच गळ्यात असते, तसे विरोधकांतल्या सर्वांत मोठ्या पक्षाच्या नेत्याला अध्यक्ष विरोधी पक्षनेता म्हणून मान्यता देतात. महाराष्ट्रात हे पद राज्याच्या स्थापनेपासून आहे आणि त्याचे वेतन व भत्ते ठरवणारा कायदा १९७८ चा आहे. विरोधी पक्षनेत्याला कॅबिनेट मंत्र्याचा दर्जा, कार्यालय आणि कर्मचारी मिळतात. काही नेमणुकांत त्याचे मतही कायद्याने घ्यावे लागते. त्याकडे पुढे येऊ.

दहा टक्के आले कुठून?

त्या कायद्यात दहा टक्के हा आकडा नाही. विरोधातील सर्वाधिक संख्याबळाच्या पक्षाचा नेता आणि अध्यक्षांची मान्यता, एवढ्याच दोन गोष्टी त्यात आहेत. मग आकडा आला कुठून?

तो आला गणपूर्तीतून. सभा कायदेशीर ठरण्यासाठी किमान जितके सदस्य हजर असावे लागतात, त्या संख्येला गणपूर्ती म्हणतात. सोसायटीच्या वार्षिक सभेत ‘कोरम झाला का?’ असे जे विचारले जाते, ते हेच. राज्यघटनेने ती सभागृहाच्या एक दशांश ठरवली आहे. लोकसभेचे पहिले अध्यक्ष गणेश वासुदेव मावळंकर यांनी असा विचार मांडला की, जो गट एकट्याच्या बळावर सभेची गणपूर्ती करू शकतो त्यालाच सभागृहातला ‘पक्ष’ मानावे. मुळात ही पक्षाला मान्यता देण्याची कसोटी. पुढे ती विरोधी पक्षनेतेपदाला येऊन चिकटली. २०१४ मध्ये लोकसभेत काँग्रेसला ४४ जागा मिळाल्या, ५५ चा आकडा गाठला गेला नाही, आणि २०२४ पर्यंत लोकसभेला विरोधी पक्षनेता नव्हता. उलट २०१५ मध्ये दिल्ली विधानसभेत ७० पैकी अवघ्या ३ जागा असलेल्या भाजपला हे पद मिळाले. याचा अर्थ उघड आहे : हा संकेत आहे, आणि संकेत पाळणारा कोण व कधी, यावर त्याचे वजन ठरते.

महाराष्ट्राचा स्वतःचा इतिहास तर याहून बोलका आहे, आणि तिथेच शेकाप आणि गणपतराव या कथेत येतात. १९६२ च्या विधानसभेत २६४ जागा होत्या, शेकापकडे १५. दहा टक्क्यांच्या हिशेबाने २७ लागले असते. तरीही शेकापचे कृष्णराव धुळप विरोधी पक्षनेते झाले आणि १९७२ पर्यंत त्या पदावर राहिले. १९७२ च्या काँग्रेस लाटेत २७० पैकी २२२ जागा काँग्रेसने नेल्या आणि शेकाप ७ वर आला. तरी विरोधी पक्षनेते झाले शेकापचे दि. बा. पाटील, नवी मुंबईच्या विमानतळाला ज्यांचे नाव द्यावे म्हणून आंदोलने झाली, तेच हे ‘दिबा’. ते १९७७ मध्ये लोकसभेवर गेले आणि त्यांच्या जागी आले गणपतराव. १९७७-७८ मध्ये म्हणजे त्यांनी हे पद सांभाळले ते दहा टक्क्यांच्या जवळपासही नसलेल्या पक्षाच्या वतीने.

यावर कोणी म्हणेल की, ते सारे १९७८ च्या कायद्यापूर्वीचे. आक्षेप रास्त आहे, पण टिकत नाही. १९८५ च्या विधानसभेत शरद पवारांच्या समाजवादी काँग्रेसला ५४ जागा होत्या आणि पवार विरोधी पक्षनेते होते. १९८६ मध्ये ते पक्षासह काँग्रेसमध्ये परतले, तेव्हा विरोधात उरलेल्यांत मोठे पक्ष म्हणजे २० जागांचा जनता पक्ष, १६ चा भाजप आणि १३ चा शेकाप. सभागृह २८८ चे, दहा टक्क्यांसाठी २९ हवेत. तरीही पुढच्या चार वर्षांत जनता पक्षाचे निहाल अहमद, शेकापचे दत्ता पाटील, जनता पक्षाच्याच मृणाल गोरे आणि पुन्हा दत्ता पाटील यांनी हे पद भूषवले. कायदा तोच, सभागृह तेवढेच. तेव्हा मान्यता देणे न देणे हा अध्यक्षांचा अधिकार आहे असे आज कोणी म्हणाले, तर ते बरोबर आहे. ‘नियमात बसत नाही’ असे म्हणाले, तर महाराष्ट्रापुरते तरी त्याला जुन्या कागदांचा आधार नाही.

‘हे खरे आहे काय?’

पद बाजूला ठेवू. गणपतरावांकडे ते वर्षभरही धड नव्हते; बाकीची दशके ते साध्या आमदाराच्या हत्यारांवर लढले. विधिमंडळाच्या भाषेत त्यांना ‘आयुधे’ म्हणतात. शब्द पुराणातला वाटतो, पण वस्तू कागदी आहे.

त्यांतले सर्वांत रोजच्या वापराचे आयुध म्हणजे तारांकित प्रश्न. ज्या प्रश्नापुढे तारा छापलेला असतो, त्याचे उत्तर मंत्र्याला सभागृहात उभे राहून तोंडी द्यावे लागते आणि त्यावर उपप्रश्न विचारता येतात. तारा नसलेल्या प्रश्नाचे उत्तर लेखी येते. विधिमंडळाची छापील प्रश्नयादी एकदा तरी हातात घेऊन पाहावी. भाषा वर्षानुवर्षे एकाच साच्यातली असते. समजा, एखाद्या दुष्काळी तालुक्यातील उपसा योजनेचे काम रखडले आहे. प्रश्न साधारण असा छापला जातो : सन्माननीय मंत्री पुढील गोष्टींचा खुलासा करतील काय? (१) अमुक योजनेच्या तिसऱ्या टप्प्याचे काम तीन वर्षांपासून बंद आहे, हे खरे आहे काय? (२) असल्यास, या प्रकरणी शासनाने चौकशी केली आहे काय? (३) असल्यास, चौकशीत काय आढळून आले व तदनुसार कोणती कार्यवाही केली वा करण्यात येत आहे? (४) नसल्यास, विलंबाची कारणे काय आहेत?

उत्तरेही साच्यातली : ‘होय’, ‘नाही’, ‘हे अंशतः खरे आहे’, आणि सर्वांत लाडके, ‘प्रश्न उद्भवत नाही’. पहिल्यांदा वाचणाऱ्याला हा पोरखेळ वाटतो. खरी मेख चौथ्या उपविभागात असते. ‘विलंबाची कारणे काय’ असे छापून आले की, त्या खात्याचा कार्यकारी अभियंता, त्याच्या वरचा अधीक्षक अभियंता आणि मंत्रालयातला कक्ष अधिकारी या सर्वांना फाइल उघडून काहीतरी लिहावे लागते, कारण सभागृहात चुकीची माहिती दिली तर अडचणीत मंत्री येतो. शेजारच्या वाडीतल्या बंद पडलेल्या बोअरविषयी ग्रामसभेत कोणी नाव घेऊन विचारले की दुसऱ्या दिवशी ग्रामसेवक वहीचे पान उलटतो, तेच इथे राज्याच्या पातळीवर घडते. पुढचा डाव उपप्रश्नाचा. मंत्री तयारीचा कागद वाचतो, पण उपप्रश्नाचा कागद त्याच्याकडे नसतो. तिथे ज्याला आपल्या तालुक्यातला प्रत्येक ओढा, पाझर तलाव आणि वितरिका ठाऊक आहे, तो आमदार भारी पडतो.

दुसरे आयुध लक्षवेधी सूचना : तातडीच्या, सार्वजनिक महत्त्वाच्या एका विषयावर मंत्र्याचे लक्ष वेधायचे आणि त्याच्याकडून निवेदन घ्यायचे. तिसरे स्थगन प्रस्ताव : सगळे कामकाज थांबवून आधी यावर बोला, अशी मागणी. तो क्वचितच स्वीकारला जातो, पण तो फेटाळण्याआधी जे चार शब्द बोलायला मिळतात, त्यासाठीही तो मांडला जातो, हे उघड गुपित आहे. कामकाज नियमांना धरून चालले नाही असे वाटले, तर हरकतीचा मुद्दा घेता येतो. त्यासाठी नियमांचे पुस्तक पाठ असावे लागते. गणपतराव मुळात कायद्याचे शिक्षण घेतलेले, त्यामुळे हा प्रांत त्यांना परका नव्हता.

अर्थसंकल्पात एक मजेशीर आयुध आहे, कपात सूचना. सरकार एखाद्या खात्यासाठी कोट्यवधींची मागणी ठेवते आणि विरोधी सदस्य म्हणतो, यातून एक रुपया किंवा शंभर रुपये कमी करा. हे पैसे वाचवण्यासाठी नसते. लग्नाच्या खर्चाची यादी वाचली जात असताना घरातली आजी ‘मांडववाल्याचा एक रुपया कमी करा बरं’ म्हणाली, तर तिला रुपया नको असतो. मांडववाला कोणी ठरवला आणि का, हे तिला सगळ्यांसमोर विचारायचे असते. रुपयाच्या निमित्ताने सगळे खाते चर्चेला येते.

सभागृहाबाहेर समित्या आहेत. महालेखापालांच्या अहवालावरून सरकारी खर्च तपासणाऱ्या लोकलेखा समितीचे अध्यक्षपद संकेताने विरोधकांकडे असते. आश्वासन समिती तर मला स्वतःला सर्वांत मोलाची वाटते, आणि तिच्याविषयी सर्वांत कमी लिहिले जाते. मंत्री सभागृहात ‘हे काम करू’ म्हणाला की त्या वाक्याची नोंद होते आणि काम झाले का, हे ही समिती पाहते. बोलून विसरून जाण्याची सोय त्यामुळे, निदान कागदावर, कमी होते.

‘पण ऐकतो कोण?’

हा आक्षेप गंभीर आहे. प्रश्न विचारून कालव्याला पाणी येत नाही. मतदानाची वेळ आली की दोन-चार सदस्यांचा पक्ष हरतोच. तासाभरात यादीतले मोजकेच प्रश्न पुकारले जातात, उरलेल्यांची उत्तरे पटलावर ठेवली जातात आणि गोंधळात तास वाहून गेला तर तेवढेही होत नाही.

तरी एक गोष्ट लक्षात घ्यावी. विधिमंडळाचे कामकाज शब्दन् शब्द नोंदले जाते. आज दिलेले ‘होय’ पाच वर्षांनी वेगळ्या सरकारपुढे, वेगळ्या मंत्र्यापुढे ठेवता येते. सरकारे बदलतात, सचिव बदलतात, पण तोच आमदार तोच विषय घेऊन पुन्हा उभा राहिला, तर खात्याची सर्वांत जुनी स्मरणशक्ती त्याच्याकडे असते. सहा निवडणुकांपूर्वीचे आश्वासन ज्याने स्वतःच्या कानाने ऐकले आहे, त्याच्यापुढे ‘माहिती घेऊन सांगतो’ हे उत्तर फार काळ चालत नाही. एकाच मतदारसंघातून दीर्घकाळ निवडून येण्याचा खरा फायदा हा आहे, आणि दर पाच वर्षांनी पक्ष बदलणाऱ्याला तो मिळत नाही, कारण त्याचे कालचे भाषणच आज त्याच्या विरोधात वाचले जाऊ शकते.

‘मग सत्तेत जाऊन काम का करू नये?’

गणपतराव दोनदा सत्तेत गेले. १९७८ च्या जुलैमध्ये शरद पवारांनी पुरोगामी लोकशाही दलाचे म्हणजे ‘पुलोद’चे सरकार बनवले, त्यात शेकाप होता आणि गणपतराव मंत्री होते. फेब्रुवारी १९८० मध्ये केंद्राने ते सरकार बरखास्त केले. १९९९ मध्ये काँग्रेसच्या ७५ आणि राष्ट्रवादीच्या ५८ जागा मिळूनही बहुमताला १२ कमी पडत होत्या, तेव्हा शेकापच्या ५ जागांना एकाएकी भाव आला. विलासराव देशमुखांच्या मंत्रिमंडळात गणपतरावांकडे पणन आणि रोजगार हमी ही खाती आली. २००२ मध्ये शेकापने पाठिंबा काढून घेतला आणि तेही संपले. रायगड जिल्ह्यात शेकाप आणि राष्ट्रवादी एकमेकांचे मुख्य प्रतिस्पर्धी; मुंबईत मांडीला मांडी लावून बसायचे आणि अलिबागेत एकमेकांची डोकी फोडायची, हा संसार टिकणे कठीणच होते.

म्हणजे अर्धशतकाहून मोठ्या कारकिर्दीत मंत्रिपद सगळे मिळून साडेचार वर्षांच्या आत. लहान पक्षाला सत्तेत वाटा मिळतो तो सभागृह त्रिशंकू असेल तेव्हा, आणि त्याचे मोल पहिल्या दिवशी सर्वाधिक असते; मोठ्या पक्षाने दुसरीकडून चार सदस्य जमवले की ते उतरते. कांद्याच्या भावासारखेच हे आहे. माल तेवढाच, बाजारातली टंचाई भाव ठरवते. ज्याला हे कळते तो मंत्रिपदावर कारकीर्द बांधत नाही.

‘विरोधी आमदार म्हणजे निधी नाही, मत वाया नाही का जात?’

याचे प्रामाणिक उत्तर अर्धे ‘नाही’ आणि अर्धे ‘हो’ असे आहे. आमदार स्थानिक विकास निधी, सध्या वर्षाला ५ कोटी, हा सर्व आमदारांना सारखाच असतो. पण रस्ते, पूल, पुरवणी मागण्यांतून येणारी विशेष तरतूद यांत सत्ताधारी आमदाराचे पारडे जड असते, ही तक्रार प्रत्येक काळातल्या विरोधकांनी केली आहे आणि ती करणारे सत्तेत गेल्यावर स्वतः तसेच वागले आहेत.

सांगोल्यात या उणिवेवर जो उपाय निघाला, तो समजून घेण्यासारखा आहे. सांगोला हा पर्जन्यछायेतला, माण नदीच्या खोऱ्यातला तालुका. नदी वर्षाचा मोठा भाग कोरडी. एकीकडे माळरानावर डाळिंबाच्या बागा उभ्या राहिल्या. दुसरीकडे गणपतरावांच्या नेतृत्वाखाली शेतकरी सहकारी सूतगिरणी उभी राहिली, आणि राज्यातल्या अनेक सहकारी गिरण्या बंद पडत असताना नीट चाललेली गिरणी म्हणून तिचे नाव घेतले जाते. सत्तेकडून येणारा रोजगार कमी पडतो म्हणून तालुक्यातच एक संस्था, असा हा हिशेब होता. निवडणुकीच्या राजकारणात अशा संस्थेचा दुसराही उपयोग होतो, हे लपवण्याचे कारण नाही : तिथे काम करणारी, सूत कातणारी घरे आमदाराला पाच वर्षांनी नव्हे, रोज भेटतात.

पाण्याची गोष्ट यापेक्षा गुंतागुंतीची आहे. कृष्णेचे पाणी कराडजवळच्या टेंभूहून टप्प्याटप्प्याने वर उचलून सांगली-सोलापूरच्या दुष्काळी पट्ट्यात न्यायचे, ही टेंभू उपसा सिंचन योजना. उपसा म्हणजे काय, तर दुसऱ्या मजल्यावरच्या टाकीत मोटर लावून पाणी चढवणे. फरक एवढाच की, इथे मजले म्हणजे डोंगर आहेत आणि विजेचे बिल कोण भरणार हा प्रश्न योजनेइतकाच मोठा आहे. या पाण्यासाठी १९९३ पासून आटपाडीला दुष्काळग्रस्त तेरा तालुक्यांची पाणी परिषद भरू लागली. नागनाथअण्णा नायकवडी, डॉ. भारत पाटणकर आणि गणपतराव यांनी तिथे मागणी ठेवली ती केवळ पाण्याची नव्हे, समन्यायी वाटपाची, म्हणजे शेवटच्या गावालाही वाटा मिळण्याची. विरोधी राजकारणाचा हा दुसरा पाय : सभागृहात प्रश्न आणि बाहेर परिषद, मोर्चा, धरणे. एकट्या प्रश्नाला मंत्री ‘तपासून पाहू’ म्हणतो. बाहेर हजारो शेतकरी बसलेले असले की तेच वाक्य जपून उच्चारतो.

आता यातला विरोधाभास पाहा. कृष्णा खोऱ्यातले पाणी अडवण्याला वेग देणारे कृष्णा खोरे विकास महामंडळ १९९६ मध्ये स्थापन झाले ते शिवसेना-भाजप युतीच्या सरकारात, आणि त्या वेळी गणपतराव सभागृहातच नव्हते, कारण १९९५ ला ते पडले होते. मग श्रेय कोणाचे? मागणी लावून धरणाऱ्यांचे, मंजुरी देणाऱ्यांचे, की पुढे वर्षानुवर्षे निधीसाठी भांडणाऱ्यांचे? माझ्या मते अशा योजनेचा एकच बाप शोधणे निरर्थक आहे. पण हेही नोंदवले पाहिजे की, अकरा वेळा निवडून दिलेल्या तालुक्याला पाण्यासाठी पिढीभर वाट पाहावी लागली, आणि ज्यांना ती पाहणे जमले नाही ते कामासाठी गाव सोडून गेले. विरोधी आमदाराच्या मर्यादेचे माप इथे मिळते.

पद नसल्याने नेमके काय अडते?

वरची सगळी आयुधे विरोधी पक्षनेता नसतानाही प्रत्येक सदस्याच्या हाती असतात. प्रश्न, लक्षवेधी, कपात सूचना यांसाठी पक्ष मोठा असावा लागत नाही, एकटा अपक्षही ती वापरू शकतो. ‘विरोधी पक्षनेता नाही, म्हणजे विरोधच नाही’ हे विधान त्यामुळे अतिशयोक्त आहे.

अडते ते इतरत्र. अधिवेशनाच्या अखेरीस कायदा-सुव्यवस्थेपासून शेतीपर्यंत सर्व विषयांवर सरकारला धारेवर धरणारा अंतिम आठवडा प्रस्ताव विरोधकांचा असतो आणि परंपरेने विरोधी पक्षनेत्याच्या भाषणाने तो गाजतो. त्याला वेळेचे बंधन सैल असते, इतरांना घड्याळ दाखवले जाते. त्याच्यामागे माहिती काढणारे कर्मचारी असतात, साध्या आमदाराकडे स्वीय सहायक आणि वर्तमानपत्रांची कात्रणे. राज्य मानवी हक्क आयोगाच्या अध्यक्षाची निवड सुचवणाऱ्या समितीत मुख्यमंत्री, विधानसभा अध्यक्ष आणि गृहमंत्र्यांबरोबर विरोधी पक्षनेता असावा, असे कायदा सांगतो. ती खुर्ची रिकामी राहिली, तर निवड करणारे सगळे एकाच बाजूचे उरतात. माहिती अधिकार कायद्याने मात्र ही अडचण २००५ मध्येच ओळखली होती : मान्यताप्राप्त विरोधी पक्षनेता नसेल, तर विरोधातील सर्वांत मोठ्या गटाचा नेता माहिती आयुक्तांच्या निवड समितीत बसेल, असे स्पष्टीकरण त्यात आहे. बाकीच्या कायद्यांत हीच एक ओळ घालणे फार अवघड नाही, आणि दहा टक्क्यांच्या वादापेक्षा ते अधिक उपयोगाचे ठरेल.

अखेरचे आकडे

लहान प्रादेशिक पक्षाची उतरण आकड्यांतून नीट दिसते. शेकापचे आमदार १९६७ मध्ये १९ होते, १९८५ मध्ये १३, १९९० मध्ये ८, १९९९ मध्ये ५, २०१४ मध्ये ३ आणि २०१९ मध्ये १. तो एक सांगोल्याचा नव्हता, लोह्याचा होता. सांगोल्यात त्या वर्षी गणपतरावांचे नातू अनिकेत देशमुख ७६८ मतांनी हरले. जिंकले ते शहाजीबापू पाटीलच, ज्यांनी १९९५ मध्ये आजोबांना हरवले होते. तोवर ते शिवसेनेत आले होते आणि २०२२ मध्ये गुवाहाटीहून ‘काय झाडी, काय डोंगार’ म्हणत राज्यभर पोहोचले.

‘मग ही घराणेशाहीच की’ असा आक्षेप इथे येणारच, आणि तो खोटा नाही. ज्या पक्षाने आयुष्यभर वतनदारीवर टीका केली, त्याला सांगोल्यात घराबाहेरचा चेहरा उभा करणे जमले नाही. नेता एवढा मोठा झाला की त्याच्या सावलीत दुसरे झाड वाढले नाही, हे त्या कारकिर्दीचे दुसरे अंग. दि. बा. पाटलांसारखे मोठे नेते पुढे शिवसेनेत गेले, रायगडचे गड ढासळत गेले, आणि पक्षाच्या नावावर उरला तो माणसांवरचा विश्वास. २०२४ मध्ये गणपतरावांचे दुसरे नातू डॉ. बाबासाहेब देशमुख सांगोल्यातून शहाजीबापूंना हरवून निवडून आले. २८८ च्या सभागृहात शेकापची जागा तेवढी एकच. १९७२ मधल्या ७ पेक्षा ६ ने कमी.